जादूघरातलं गाऱ्हाणं

एक कप चहा पाजलात म्हणून म्हाताऱ्याकडून काहीही वदवून घ्याल काय? माझी फजिती ऐकल्याशिवाय राहवत नाही तुम्हाला, तर ऐका मेल्यांनो. लेकीने बजावलंय, कुणाचं नाव घेऊ नका. बघतो.

आमच्या परड्यापाठी जांभ्या दगडाचा बंगला आहे. आमचे आजोबासुद्धा त्याला जादूघरच म्हणायचे. गोऱ्या साहेबाच्या वेळेपासून तिथे बाप्ये दारं लावून बसतात. आत काय करतात ते बायकोलाही सांगत नाहीत! पूर्वी साहेब नि बंदरावरचे कप्तान, आता डॉक्टर, वकील, बागायतदार. एकमेकांना 'बंधू' म्हणतात. बंधूचं काम कुठल्या कचेरीत अडत नाही, असं बाजारात बोलतात. हळू आवाजात हां!

त्या दिवशी तिन्हीसांज झालेली. माडाचं झाप हलत नव्हतं. आणि बंगल्यातून ठोके आले. ठक. ठक. ठक.

खिडकीच्या फटीला डोळा लावला. मेणबत्त्या. टेबलावर माणसाची कवटी! कमरेला पांढरी फडकी बांधलेले बाप्ये भिंतीला उभे, जसे मेलेले. मध्ये एक जण. डोळ्यांना पट्टी, गळ्यात दोरी, विजारीचा एक पाय गुडघ्यापर्यंत दुमडलेला. छातीला तलवारीचं टोक.

तो आमचा जावई होता!

तुम्ही काय समजला असता? बळीच की! जागेच्या राखणदाराला, तिथल्या देवचाराला, माणूस देतायत! पोलिसांत जावं, तर फौजदार आतच नसेल कशावरून? मग राखणदाराला आपल्याकडे काय देतात? खुराड्यातून तांबडा कोंबडा ओढला, लाथेने कडी उडवली, आत!

"माणूस सोडा, कोंबडा घ्या!"

कोणी हलेना. कवटी माझ्याकडेच बघत्येय. कोंबडा उंच धरला नि देवाला घालतात ते गाऱ्हाणं तोंडातून आपोआप सुटलं, "बा राखणदारा, लेकीचं कुंकू राख रे महाराजा!"

"व्हय महाराजा!"

डॉक्टर ओरडला, वकील ओरडला! गप्प राहायची शपथ घेतलेले, पण हाडं कोकणातली ना! गाऱ्हाण्याला 'व्हय' म्हटल्याशिवाय राहतील?

मला जोर चढला. "पोराच्या बदल्यात हा कोंबडा गोड मानून घे रे महाराजा!"

"व्हय महाराजा!"

"कोंबड्यावर भागत नसेल, तर हा म्हातारा घे रे महाराजा!"

आता मात्र सगळे चिडीचूप. एकच आवाज आला. खणखणीत. पट्टी बांधलेल्याचा.

"व्हय महाराजा!"

नंतर कळलं, ती नुसती बंधू करून घ्यायची रीत. सगळे पोट धरून हसले, कोंबडासुद्धा माझ्याकडे तिरका बघत होता. हसू देत. पण सासऱ्याला राखणदाराच्या घशात घालायला निघालेल्याने अजून माफी मागितलेली नाही. आणि नाव घ्यायचं नाही होय?

प्रकाश! ऐकलंत? आमचा जावई, प्रकाश!