लोट्यावरची उलटी रेघ

भुताखेतांच्या गोष्टी निघाल्या की मी चहाच्या निमित्तानं उठून जातो. उद्याही जाईन. पण ही गोष्ट माझ्याच मशीनवर घडली, म्हणून लिहून राहिलो.

सौंसरला बसस्टँडजवळ माझं दुकान आहे. कॉम्प्युटरच्या मशीनवर भांड्यांना नावं टाकतो. साधा फॉन्ट दिला तर मशीन अक्षराच्या कडा कोरते, प्रत्येक रेघ दुहेरी येते... म्हणून एकेरी रेघेचा मराठी फॉन्ट मी स्वतःच बसून बनवला. त्यात आधी अक्षरं, शेवटी डोक्यावरची रेघ — डावीकडून उजवीकडे, आपण लिहितो तशी.

एका दुपारी लोधीखेड्याच्या शोभाताई पितळेचा लोटा घेऊन आल्या. त्यांचे वडील बाजारात बसून हातानं नावं कोरायचे. बायकोच्या साऱ्या भांड्यांवर त्यांनी नाव टाकलं, हा एक लोटा राहिला. उद्या टाकतो, उद्या टाकतो म्हणता म्हणता गेले. आता आईला दिसत नाही. ती बोटानं चाचपून आपली भांडी ओळखते, आणि या लोट्यावर बोट फिरलं की हळहळते.

"तेवढं नाव टाकून द्या भाऊ," ताई म्हणाल्या, "मायचा जीव त्याच्यातच अडकून राहिला."

लोटा पकडीत बसवला, 'कौसल्या' टाईप केलं, बटण दाबलं. सुई थेट उजव्या टोकाला गेली. तिथं खोल टिंब केलं, अन् उजवीकडून डावीकडे आधी डोक्यावरची रेघच ओढली. अक्षरं मागून. मी बंद करायला हात नेला... पण केलं नाही. काऊन, ते मलेच समजलं नाही.

वळून पाहिलं तर ताई रडून राहिल्या होत्या. "बाबा डावखुरे होते," त्या म्हणाल्या. "असेच कोरत. आधी टिंब, मंग रेघ."

त्या गेल्यावर फाईल तपासली. रेघ शेवटीच होती, डावीकडूनच. टिंब तर नव्हतंच. तीच फाईल पत्र्यावर चालवली — एकदम बरोबर. मशीनवाल्याला फोन केला, तर म्हणे लाईट कमी-जास्त झाली असेल. आता बाप्पा, लाईटला डावा हात असतो का?

संध्याकाळी ताईंचा फोन आला. आईनं लोट्यावरून बोट फिरवलं, टिंबापाशी थांबवलं अन् हसली म्हणे. "टाकलं एकदाचं त्यायनं. किती वाट पाहाले लावली."

ताईंनी तिला माझ्या दुकानाचं सांगितलंच नाही. बरं केलं. मशीन तशी उलटी का चालली, ते मला अजून सापडलेलं नाही, अन् ते काम मी केलं असं म्हणायची माझी हिंमत होत नाही.