सुलोचनाचं इंग्रजी

"आक्का गेली. दुपारी जेवून आडवी झाली, ती उठलीच न्हाई," मुखेडहून शिवराजचा फोन आला. सुलोचनाचा हा धाकटा भाऊ. मी नांदेडहून पोचेपर्यंत सगळं उरकलं होतं... त्यालाही आता महिना झाला.

मुखेडच्या शाळेत आम्ही दोघी बरोबरच लागलो. मी मराठीला, ती इंग्रजीला. त्याआधी, दुष्काळात, ती रस्त्याच्या कामावर खडी फोडायची आणि जेवणाच्या सुट्टीत शब्दकोश घेऊन बसायची, हे तिनंच कधीतरी सांगितलेलं. त्या जुन्या कोशात अर्थ होते, उच्चार नव्हते. इंग्रजी बोलणारं माणूस तिनं ऐकलंच नव्हतं. अवघडातले अवघड शब्द अर्थासकट पाठ, पण म्हणायची ते जसे दिसतील तसे.

लातूर जिल्हा झाला, तिथल्या एका कॉलेजात इंग्रजीची जागा निघाली. सोबतीला मीही एसटीनं गेले. मुलाखतीतून ती बाहेर आली तेव्हा तिच्याकडे बघवेना. आपल्या भागाविषयी बोला म्हटल्यावर ती दुष्काळावर बोलायला लागली आणि 'ड्राउट'ला 'ड्रॉट' म्हणाली. 'थॉट', 'बॉट' तसंच हेही, असं तिला वाटलेलं. एक साहेब हसले, मग सगळेच.

"भोगलाय की गं मी तो," परतीच्या गाडीत ती म्हणाली, "नुसता कुणाच्या तोंडून ऐकला नव्हता."

जागा मिळाली नाही. मग तिनं रेडिओ घेतला. इंग्रजी बातम्या लागल्या की निवेदकाच्या मागोमाग पुटपुटायची. नवा कोशही आणला, उच्चारांचा. "अगं, 'व्हिक्च्युअल्स' न्हाई, 'व्हिटल्स' म्हणायचं! म्हणजे खाण्याचे जिन्नस," असं सांगताना तिचा चेहरा उजळायचा. वर्गात मात्र कुणी चुकलं तर बाकीच्यांना हसू द्यायची नाही. "वाचून शिकलेलं हाय ते," म्हणायची.

पुढं माझी नांदेडला बदली झाली. भेटी वर्षाकाठी एखादी, नंतर तीही नाही. तिनं लग्न केलं नाही. गावात तिचे शब्द ऐकायला कुणी उरलं नसावं...

परवा मी मुखेडला गेले तेव्हा शिवराजनं तिची खोली उघडली. "आक्का एकटीच इंग्रजीत बोलायची," तो म्हणाला. "प्रश्न तिचाच, उत्तरबी तिचंच. आमाला वाटायचं, कुणी आलंय."

आत दोन खुर्च्या होत्या, समोरासमोर. एकीची वेताची बैठक पार खोल गेलेली. दुसरी कोरी, नव्यासारखी.

मी त्या कोऱ्या खुर्चीवर जाऊन बसले.