ब्रिगेडियरसाहेबांची फेअर कॉपी

'मी आयुष्यात कुणाचं वाईट केलं नाही' असं सांगत फिरणारी माणसं मला आवडत नाहीत. मी केलंय. तेही बसल्या जागी, चष्मा पुसून, नीट समास सोडून.

परदेशी, वेलिंग्टनजवळच्या पोरिरुआला मुलाकडे आमची ती तिसरी खेप. नवं शतक लागून पाच-सहा वर्षं झाली होती. मुलगा-सून सकाळच्या ट्रेनने वेलिंग्टनला ऑफिसात जायचे, नात शाळेत. मागे उरायचो मी, आमची ही आणि वारा. त्या वाऱ्यात कपडे वाळत घालणं हा एक उद्योगच होता, पण तो तिचा. मला काहीच नव्हतं. नातीशी मराठीत बोलावं, तर ती 'स्वीट ॲज, आजोबा', म्हणजे 'झकास', म्हणून खोलीत पळायची. रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी, तसा मी कोपऱ्यावरच्या डेअरीत रोज दूध आणायला जायचो. डेअरी म्हणजे तिथलं वाण्याचं दुकान. घरात दूध असलं तरी जायचो.

तिथेच ब्रिगेडियरसाहेब भेटले. वय ऐंशीच्या घरात. ब्रिटिश आर्मीतून निवृत्त होऊन मुलीच्या पाठोपाठ या देशात आलेले. मुलगी पुढे ऑस्ट्रेलियाला गेली, बायको वारली, हे राहिले. मी पुण्याला लष्कराच्या ऑफिसात छत्तीस वर्षं स्टेनो होतो हे कळल्यावर मात्र त्यांचा चेहरा उजळला. त्यांना आठवणी लिहायच्या होत्या, पण हात थरथरायचा, डोळ्यांना अक्षर दिसत नव्हतं.

मग रोज दहा ते बारा मी त्यांच्याकडे. ते बोलायचे, मी शॉर्टहँडमध्ये उतरवून घ्यायचो आणि घरी येऊन मुलाच्या जुन्या लॅपटॉपवर टाइप करायचो. मलायातलं जंगल, जर्मनीतली थंडी, लग्नात मित्रांनी धरलेली तलवारींची कमान, एकामागून एक बढत्या. चहा ते स्वतः करायचे, अगदी पांचट. तरी मी खूश होतो. पुन्हा कुणाला तरी माझी गरज होती, खोटं कशाला बोलू?

एके दिवशी ते म्हणाले, आज आठवणी नकोत, एक पत्र आहे. बोलताना ते खिडकीकडे तोंड करून बसले होते. अरबस्तानात ते कर्नल असतानाची हकीकत. एका टेकडीवरच्या ठाण्यावर त्यांची सात माणसं अडकली होती. वायरलेसवरून तीनदा विचारणा झाली, खाली येऊ का? दुसऱ्या दिवशी जनरल पाहणीला येणार होता. टेकडी गेलेली त्याच्या नजरेस पडू नये म्हणून साहेबांनी तिन्ही वेळा नाही म्हटलं. सातही जण मेले. साहेबांना मेडल मिळालं, पुढे ब्रिगेडियरही झाले. वायरलेसवर जो बोलत होता, त्याची बहीण इंग्लंडमध्ये होती. ती दर ख्रिसमसला कार्ड पाठवून एकच विचारायची, माझा भाऊ नेमका कसा गेला? चाळीस वर्षं साहेबांनी तिला गुळगुळीत उत्तरं दिली होती. आता डॉक्टरांनी सांगितलं होतं की स्मरणशक्ती चाललीय. ती पुरती जायच्या आत त्या बाईला खरं कळवायचं होतं.

"मी हो म्हटलं असतं तर तो जगला असता. हे वाक्य असंच जाऊ दे," ते म्हणाले.

असं साहेब लोक म्हणतातच. आमच्या ऑफिसातला दंडकच होता, उतरवून घ्यायचं ते साहेब बोलतो ते, टाइप करायचं ते साहेबाच्या हिताचं. रागाच्या, दुःखाच्या भरात गेलेला शब्द फेअर कॉपीत येता कामा नये. साहेबाची चूक कधीच नसते, परिस्थिती बिकट असते. दुसऱ्या दिवशी साहेब कागद वाचतो, काही बोलत नाही, आणि मनातून तुमचे उपकार मानतो. याच गुणावर मी छत्तीस वर्षं नाव कमावलं होतं. तेव्हा मी टाइप केलं की वायरलेसचा संपर्क तुटला होता, माघारीचा हुकूम पोचू शकला नाही आणि आपला बंधू कर्तव्य बजावताना धारातीर्थी पडला. सुरेख पत्र झालं होतं. साहेबांनी न वाचताच सही केली. आपल्या स्टेनोचा कागद मी कधी तपासला नाही, म्हणाले. मला काय अभिमान वाटला! पत्र मीच पोस्टात टाकलं. घरी येऊन वहीतली शॉर्टहँडची पानं बारीक फाडून कचऱ्यात टाकली, कारण गोपनीय मजकुराची पानं सही झाल्यावर फाडायची, हाही दंडकच.

संध्याकाळी मोठ्या तोऱ्यात हिला सगळं सांगितलं. ही कपड्यांच्या घड्या घालत होती, ती थांबली.

"अहो, त्या माणसाला आपलं पाप सांगून मोकळं व्हायचं होतं. तुम्ही त्याला इस्त्री करून दिलीत."

तुला ऑफिसातलं काय कळतं, असं मी खेकसलो आणि दोन दिवस धड बोललो नाही. पण अति शहाणा त्याचा बैल रिकामा, हे मनातून कळून चुकलं होतं. तिसऱ्या दिवशी कबूल करायला गेलो तर दाराला कुलूप. शेजारीण म्हणाली, काल झटका आला, हॉस्पिटलात नेलंय.

महिन्याभराने ते रेस्ट होममध्ये, म्हणजे तिथल्या वृद्धाश्रमात भेटले. मला ओळखलं. तलवारींची कमान आठवत होती, मलाया आठवत होता. मी टेकडीचा विषय काढला, तर अनोळखी माणसाकडे बघून हसावं तसं सभ्यपणे हसले. त्या बाईला मीच लिहावं म्हणून तीनदा बसलो. पण कागद फाडलेला, साहेबांना आठवत नाही, माझ्या शब्दाला पुरावा काय? पुरावा ही सबब होती. मी भ्यालो होतो.

मग तिचं उत्तर आलं. साहेबांनी पाकीट माझ्या हातात दिलं, वाच म्हणाले. तिने लिहिलं होतं की आमच्या आईने मरेपर्यंत तुम्हाला शाप दिले, या माणसाने माझा मुलगा मारला म्हणत गेली. तुमचा काही दोष नव्हता हे आता कळलं. आईच्या वतीने मी तुमची क्षमा मागते. यापुढे काही विचारून तुम्हाला त्रास देणार नाही.

मी सगळं वाचलं, एक ओळ गाळली नाही. साहेब कपाळाला आठी घालून माझ्याकडे वळले.

"मला उगाच वाटायचं, कुणीतरी माझ्यामुळे मेलंय. तसं काही नव्हतं ना?"

"नाही, सर," मी म्हणालो.

त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला आणि माझे आभार मानले.