ग्रीकाची कोरी मॅच

माझ्या फुटबॉलच्या कारकिर्दीबद्दल आजवर कुणी विचारलेलं नाही. बायकोनेही नाही. तेव्हा मीच सांगतो, कारण त्यात एका खऱ्याखुऱ्या गोलकीपरची कारकीर्द अडकलेली आहे आणि तो काही सांगायला इथे येणार नाही.

सौदीत रास तनुराच्या रिफायनरीत शटडाऊन होता, म्हणजे प्लांट बंद ठेवून दुरुस्ती, तिथे मी रिगर होतो. क्रेनचा ऑपरेटर वर केबिनमध्ये बसतो. त्याला खालचं धड दिसत नाही आणि इंजिनाच्या घरघरीत ऐकू तर काहीच येत नाही. खाली उभं राहून त्याला हातांनी इशारे करणारा माणूस म्हणजे रिगर. वर घे, खाली सोड, हळू, थांब, सगळं हातांनी. दिवसभर तोंड उघडायचं काम नाही. माझा रूममेट, खेडचा फिटर, म्हणायचा, "ह्याला फोनवर बायकोशी बोलताना बघा. तिथे पण हातच हलवतो. ती बिचारी हॅलो हॅलो करत बसते."

आमच्यावर लिफ्टिंग सुपरवायझर होता तो ग्रीक. उंच, हाडापेराने मोठा, एका गुडघ्यात जरा लंगडा. हिंदी, इंग्रजी आणि अरबी एकाच वाक्यात कालवायचा. रोज सकाळी कामाआधीच्या मीटिंगमध्ये त्याचं एकच पुराण असायचं. दोन्ही हात बाजूला पसरून जोरात हलवले की तो इमर्जन्सी स्टॉप. तो इशारा कुणीही करू शकतो, अगदी चहावालासुद्धा. ऑपरेटरने तो दिसताक्षणी थांबायचं, का म्हणून विचारायचं नाही. मग वजन खाली ठेवायचं, काय झालं ते बघायचं आणि लिफ्ट पहिल्यापासून सुरू करायची. आणि खोटा स्टॉप द्यायचा नाही, कधीच नाही. हे सगळं आम्हाला इतकं पाठ झालं होतं की फिटर झोपेत बडबडायचा.

हा माणूस पूर्वी ग्रीसमध्ये पगारी गोलकीपर होता, अशी कॅम्पात वदंता होती. कुणाचा विश्वास नव्हता. गल्फमध्ये आलेला प्रत्येक जण मागे कोणीतरी असतोच. आमचा न्हावी स्वतःला लखनौचा नवाब म्हणवायचा. पण त्या वर्षी ग्रीसने युरोपचा कप जिंकला आणि ग्रीकाचा भाव एकदम वधारला. मेसमधला आचारी त्याला चिकनचा मोठा तुकडा वाढायला लागला. कुणीतरी विचारलं, "सर, त्या टीममधल्या कुणाला ओळखता का?"

"मी सगळ्यांना ओळखतो," तो म्हणाला. "ते मला ओळखत नाहीत."

तेव्हा मला वाटलं, हा खरं बोलतोय. खोटं बोलणारा माणूस इतकं कमी बोलत नाही.

कॅम्पात शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर मॅच व्हायची. फुटबॉल हा केरळच्या पोरांचा प्रांत. त्यांच्यातला एक मलप्पुरमचा गडी, तो माझ्याच क्रेनचा ऑपरेटर, असा खेळायचा की रेतीवर पाय टेकलेले दिसायचे नाहीत. ग्राउंड म्हणजे कडक वाळू, रेघा चुन्याच्या, आणि गोलपोस्ट स्कॅफोल्डिंगच्या पाइपांचे, क्लॅम्प मारून बांधलेले. त्याच्यावर सेफ्टीवाल्यांनी हिरवा टॅगसुद्धा लावला होता, म्हणजे हे बांधकाम वापरायला सुरक्षित. आमच्या रिगर-फिटरांच्या टीमला कीपर नव्हता. उन्हात एका जागी उभं राहून बॉलचे फटके खायला कोण तयार होणार? मग मी वाडीच्या टीमचा विकेटकीपर होतो हे फिटरने जाहीर केलं, आणि वर म्हणाला, "शिवाय ह्याच्या पोटाने अर्धा गोल आपोआप झाकला जातो."

पहिल्याच मॅचला मी इतिहास घडवला. उंच बॉल आला, मी मागे सरकत झकास पकडला. इथपर्यंत ठीक होतं. पण हात कुणाचे? गुहागरकडच्या टेनिस बॉल क्रिकेटवर पोसलेले. बॉल हातात आला की स्टंपांना लावायचा, ही त्यांची जन्मखोड. मी तसाच वळलो, बॉल पाइपाला टेकवला आणि अंपायरकडे बघून अपील केलं. बॉल रेघेच्या आत गेला होता. गोल. केरळची पोरं अक्षरशः गडाबडा लोळली. बाकीचे गोल मी सांगत नाही, ते साधेच होते.

दुसऱ्या दिवशी चहाच्या सुट्टीत ग्रीक माझ्याशेजारी येऊन बसला. मला वाटलं, आता हा पण खेचणार.

"तुझे हात चांगले आहेत," तो म्हणाला. "डोकं बेकार आहे. डोक्याचं मी बघतो."

मग त्याने त्याची कारकीर्द सांगितली. ती सांगायला चहा संपेपर्यंतचा वेळ पुरला, आणि तोही अर्धा कप. समुद्रकाठचं गाव, पोरवयात मोठ्या क्लबने उचलला, आईने गावभर मिठाई वाटली. क्लबमध्ये तो दोन नंबरचा कीपर. आठवडाभर सगळे त्याच्यावर बॉल मारून सराव करायचे आणि रविवारी तो बाकावर. एक नंबरचा कीपर धडधाकट माणूस, त्याला कधी साधी सर्दी व्हायची नाही. "मी देवळात जाऊन प्रार्थना करायचो," ग्रीक म्हणाला, "त्याचा पाय मोडू दे म्हणून नाही. नुसता ताप येऊ दे म्हणून." हा क्लब, तो क्लब, सगळीकडे बाकच. अधूनमधून मॅच मिळाली, पण त्या प्रत्येक मॅचमध्ये त्याच्यावर गोल झालाच. मग गुडघा गेला आणि सगळंच खलास.

"एकही मॅच कोरी नाही," तो म्हणाला. "गोलकीपर म्हातारा होतो तेव्हा कोऱ्या मॅचा मोजतो. माझ्याकडे एकही नाही. हा शटडाऊन संपला की मी एक्झिटवर जाणार, कायमचा. त्याआधी ह्या पाइपांमध्ये मला एक मॅच कोरी हवी. मला खेळता येत नाही. तू खेळशील."

ह्या माणसाच्या आयुष्याची एकुलती एक इच्छा, आणि ती त्याने ठेवली कुणाच्या हातात, तर माझ्या. मला हसूच आलं. तो हसला नाही.

त्यानंतर कामावरून सुटलं की तो मला ग्राउंडवर न्यायचा. गुडघा सांभाळत बॉल फेकायचा. डावीकडे पड, उजवीकडे पड, पुढे ये, मागे जाऊ नको. कव्हरऑलच्या खिशातून, कानातून, जेवताना दातांतून वाळू निघायची. पडायला मी लवकर शिकलो, ते वजनामुळे सोपंच होतं. अडलं भलतीकडेच. मॅचमध्ये आमच्या बचावाच्या पोरांना मी हातांनी इशारे करायचो. तू डावीकडे हो, तू मागे ये, अगदी नियमाप्रमाणे, कोपर सरळ ठेवून. आणि ती पोरं माझ्याकडे पाठ करून उभी.

"त्यांच्या पाठीला डोळे आहेत का?" ग्रीक गोलामागून ओरडायचा. "हात बंद. तोंड उघड. बॉल तुझा असेल तर सगळ्या जगाला सांग की तुझा आहे. तुझ्या भाषेत सांग."

"माझा," मी म्हणायचो, शेजाऱ्याकडे साखर मागितल्यासारखा.

"ह्याने बॉल घाबरेल का?"

नाहीच घाबरायचा. दर शुक्रवारी एखादा तरी गोल जायचाच. कधी दोन फटके अडवून तिसरा पायांमधून, कधी आमच्याच फिटरच्या ढुंगणाला लागून. ग्रीक नुसता आकाशाकडे बघायचा. मला त्याची दया यायची आणि स्वतःचा संतापही. भल्या माणसा, इतके जण सोडून तुला मीच सापडलो काय.

आणि त्याचा शेवटचा शुक्रवार उजाडला. शटडाऊन आटोपला होता, त्याची बॅग भरून झाली होती. समोर क्रेनवाल्यांची टीम, म्हणजे माझा ऑपरेटर. त्या दिवशी काय अंगात आलं होतं कोण जाणे, बॉल आपणहून माझ्याकडे येत होता. पोटाला लागला, गुडघ्याला लागला, एकदा तर नाकाला लागला, पण आत गेला नाही. संध्याकाळच्या अजानला मॅच थांबायची, हा कॅम्पाचा शिरस्ता. सूर्य टाक्यांच्या मागे उतरला तरी गोल नाही. मागे वळून बघायची माझी हिंमत नव्हती. ग्रीक नेहमी सिगारेट ओढत उभा असायचा. त्या दिवशी धुराचा वाससुद्धा येत नव्हता.

आणि ऑपरेटर सुटला. फिटरला चकवलं, आणखी एकाला चकवलं आणि एकटा सरळ माझ्यावर आला. पुढे यायचं, ओरडायचं, अंग मोठं करायचं, सगळं शिकवलेलं होतं. त्यातलं काही म्हणता काही आठवलं नाही. माझे दोन्ही हात बाजूला पसरले गेले आणि जोरजोरात हलायला लागले. इमर्जन्सी स्टॉप.

तो थांबला. बॉलवर पाय ठेवून जागच्या जागी थांबला आणि वर बघायला लागला, डोक्यावर काही लटकतंय का म्हणून. तेवढ्यात फिटरने येऊन त्याच्या पायाखालचा बॉल ग्राउंडबाहेर भिरकावला.

मग जी काय बोंबाबोंब झाली! चीटिंग, चीटिंग म्हणून केरळची पोरं माझ्या अंगावर धावून आली. रेफरी होता आमचा सुदानी स्टोअरकीपर. त्याने शिट्टी तोंडात धरली, पण ती वाजवायची कशासाठी हे त्याला कळेना. आमचे लोक म्हणत होते, हात हलवायला कुठे बंदी आहे? ऑपरेटर मात्र कुणाशीच भांडला नाही. तो गोलामागे ग्रीकासमोर जाऊन उभा राहिला आणि हिंदीत म्हणाला, "सर, मी स्टॉप बघितला आणि थांबलो. चूक केली का?"

मी तेव्हा ग्रीकाकडे पाहिलं. "खेळात कसला स्टॉप," एवढं तो म्हणाला असता तर संपलं होतं. अजान व्हायचीच होती. कोरी मॅच त्याच्या पदरात पडली असती, जन्मभर वाट बघितलेली. त्याने ओठ चावला. मग ऑपरेटरच्या खांद्यावर हात ठेवला.

"तू बरोबर केलंस," तो म्हणाला. "स्टॉप दिसला की थांबायचं. इथे पण, तिथे पण." मग माझ्याकडे वळला. "सिग्नल खोटा होता. वजन खाली ठेवा. लिफ्ट पहिल्यापासून."

त्याने स्वतः लंगडत जाऊन बॉल आणला, ऑपरेटर थांबला होता त्याच जागी ठेवला आणि बाकीच्यांना हाताने मागे हटवलं. ऑपरेटर म्हणाला, "राहू द्या सर." ग्रीक म्हणाला, "यल्ला." म्हणजे चल, मार.

मी पुढे आलो. "माझा!" असा ओरडलो की माझाच आवाज मला ओळखू येईना. उजवीकडे झेपावलो, आणि उजवीकडेच बॉल आला. बोटांना लागला. बोटांवरून पाइपाला लागला, ठण्ण आवाज आला, आणि आत गेला.

अजान सुरू झाली. मी वाळूत तोंड खुपसून पडलो होतो. रडत होतो म्हणालात तरी चालेल, वाळूने डोळ्यांतून पाणी येतंच. ग्रीक आला, गुडघ्याला कळ लागत असूनही शेजारी खाली बसला आणि माझ्या पाठीवरची वाळू झटकायला लागला.

"आवाज चांगला होता," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या मीटिंगला त्याने मला सगळ्यांसमोर उभं केलं आणि खोटा स्टॉप दिल्याबद्दल अशी काही हजामत केली की लखनौच्या नवाबाला जमली नसती. त्याचं ते शेवटचं काम. मग तो सामान आणायला गेला आणि आम्ही आमच्या क्रेनला लागलो.

पाइपांचा गठ्ठा हवेत असतानाच कंपनीची गाडी यार्डाच्या कडेने गेटकडे निघाली. मागच्या सीटवर ग्रीक. माझे हात ऑपरेटरसाठी बांधलेले, हळू, हळू, खाली. लिफ्ट चालू असताना रिगरला हात हलवून निरोप देता येत नाही. गाडीची काच खाली झाली, त्याचा हात बाहेर आला आणि न हलताच परत आत गेला. लिफ्ट चालू असताना क्रेनसमोर कुणीच उगाच हात हलवायचा नाही, तेही त्यानेच शिकवलेलं. मला फार वाईट वाटलं. हात मोकळे नव्हते, तोंड होतं. मी बेंबीच्या देठापासून ओरडलो, "माझा!" दुसरा शब्दच सुचला नाही. क्रेनच्या घरघरीत तो त्याच्यापर्यंत पोचला की नाही, देव जाणे.

गठ्ठा जमिनीला टेकला तेव्हा गाडी गेटबाहेर वळली होती. मग मी रिकाम्या रस्त्याकडे बघून दोन्ही हात वर केले आणि हलवले. वर केबिनमध्ये ऑपरेटरने ते पाहिलं आणि का म्हणून न विचारता क्रेन बंद केली.