कॅमेरो बंद आसा

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही — बायकोलाही नाही. तुम्हाला का सांगतोय? तुम्ही वासूला ओळखत नाही, म्हणून असेल.

वासू माझा शाळेपासूनचा मित्र, मालवणजवळच्या आमच्याच वाडीतला रापणकार. रापण म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं लांबलचक जाळं — अख्खी वाडी दोरीला लागते, आणि ज्यानं हात लावला त्याला वाटा मिळतो. मी गाव सोडून कॅमेरामन झालो, माहितीपटांचा. मुंबईच्या एका दिग्दर्शिकेबरोबर रापणीवर फिल्म करायला गावी आलो, तेव्हा वाडी चिडलेली होती. समुद्रात झगझगीत दिवे सोडून मासळी ओढणाऱ्या बोटींमुळे रापण रिकामी येत होती.

वासूची मुलाखत झाली. बोटवाल्यांना त्यानं भरपूर शिव्या घातल्या. मग कॅमेऱ्याकडे बघत अडखळला — आणखी काहीतरी सांगायचं होतं. मी म्हटलं, "कॅमेरो बंद आसा. बोल."

बंद नव्हता. आमच्या धंद्यात कॅमेऱ्याच्या लाल दिव्यावर काळी चिकटपट्टी लावतात, समोरचा बिचकू नये म्हणून. वासूला काय कळणार? तो म्हणाला, घर चालत नाही, म्हणून तोही अधूनमधून त्याच बोटींवर जातो. बोलता बोलता रडला.

वाडीला दगा देतोय म्हणून मला त्याचा राग आला — असं मी बरीच वर्षं स्वतःला समजावलं. खोटं. मला आनंद झाला होता. असा शॉट जन्मात एखादाच मिळतो. दगा त्यानं वाडीला दिला असेल. मी त्याला दिला.

फिल्म गाजली, मला कामं मिळत गेली. वाडीनंही ती मोबाईलवर पाहिली. दुसऱ्या सकाळी वासूनं दोरीला हात लावला आणि बाकीच्यांनी दोरी सोडून दिली.

तो माझ्याकडे आला. "तुका म्हायत होता?"

"नाय रे. कॅमेरो चुकान चालू रवलो, आणि त्या बाईन माका न इचारता फिल्मीत घातल्यान."

ती दिग्दर्शिका तर तो शॉट नको म्हणत होती. हट्ट माझा होता — हे त्याला कुठल्या तोंडानं सांगणार?

वासूनं विश्वास ठेवला. मित्रानंच फसवलं असं वाडीत कुणी म्हटलं, तर अजूनही माझी बाजू घेऊन भांडतो. गेल्या वर्षी त्यानं मुलीचं लग्न काढलं, तेव्हा त्याचा फोन आला, "दुसऱ्याचो कॅमेरो माका घरात नको. तूच ये."

गेलो. मन लावून शूटिंग केलं. पंगतीत रापणीतलं एकही माणूस नव्हतं. वासूनं मला पहिल्या पानावर बसवून आग्रहानं वाढलं, आणि मी पोटभर जेवलो.