वकील गैरहजर, अपील खारीज

पट्टेवाल्यानं पुन्हा पुकारा केला, तरी अमरावतीचे वकील आले नव्हते. मी एका जामिनाच्या अर्जासाठी मागच्या बाकावर बसलो होतो. गोष्ट एकसष्ट-बासष्टची. माझी वकिली तेव्हा नवीनच होती.

अपील सुखदेव नावाच्या शिक्षकाचं होतं. हिवरखेडकडच्या एका खेड्यातलं बौद्ध कुटुंब. त्यांच्या वस्तीतला शिकून मास्तर झालेला हा पहिलाच. विहिरीवरून गावात मारामारी झाली, ती यानंच सुरू केली असं मॅजिस्ट्रेटनं धरलं आणि दोन महिन्यांची सक्तमजुरी दिली. त्यावर हे सेशन्समधलं अपील. म्हणजे वरच्या कोर्टानं सगळा पुरावा पुन्हा तपासायचा. तोवर सुखदेव जामिनावर होता.

तो हात जोडून उभा राहिला. "साहेब, वकीलसाहेब येऊन राहिले अमरावतीहून. जरा वाट पाहा."

जज्जसाहेब म्हणाले, कोर्ट कुणासाठी थांबत नाही. मला राहवलं नाही. उठून म्हणालो, वकील नसले तरी रेकॉर्ड वाचूनच अपिलाचा निकाल द्यावा लागेल.

"तुमचं वकीलपत्र आहे?"

"नाही, सर."

"मग बसा."

वकीलपत्र म्हणजे पक्षकारानं सही करून दिलेला अधिकार. तो नसेल तर वकील नुसता बघ्या. मी बसलो. साहेबांनी ऑर्डर सांगितली: अपील डिसमिस्ड इन डिफॉल्ट. गैरहजेरीमुळे खारीज. फाइल उघडलीसुद्धा नाही. जामीन संपला. शिपायांनी सुखदेवला तिथूनच जेलमध्ये नेलं. बाहेर त्याची बायको यशोदा भाकरीचं फडकं घेऊन बसली होती. ती मला विचारत राहिली, निकाल काय लागला. निकाल लागलाच नाही, हे तिला कसं समजवावं ते मला सुचेना.

अमरावतीचे वकील तिथल्या एका खुनाच्या खटल्यात अडकले होते. पुढची तारीख मागायला त्यांनी कारकुनाला पाठवलं, तर त्याची बस मूर्तिजापूरला बंद पडली. नंतर ते स्वतः आले, मान खाली घालून कागद माझ्या हाती दिले. मी जेलमध्ये जाऊन वकीलपत्रावर सुखदेवची सही घेतली. नागपूरला हायकोर्टात रिव्हिजन करायचं, म्हणजे खालच्या कोर्टाची चूक दाखवायची. त्यासाठी ऑर्डरची नक्कल हवी. तिच्यासाठी मी कोर्टाच्या कचेरीत रोज खेटे घालत होतो. ती हातात आली तेव्हा शिक्षा जवळजवळ भोगून झाली होती.

हायकोर्टानं ऑर्डर रद्द केली. अपील परत आलं. तोवर जज्ज बदलले होते. नव्या साहेबांनी रेकॉर्ड वाचलं. फिर्यादीच्याच साक्षीदारानं सांगितलं होतं की भांडण जुंपल्यावर मास्तर मागून धावत आला. सुखदेव निर्दोष सुटला.

निकाल घेऊन तो गेलेली नोकरी परत मागायला शिक्षण खात्यात गेला. नोकरी तात्पुरती होती, जागा भरली गेली, असं तिथं सांगितलं. तो माझ्याकडे येऊन बसला.

"मी निर्दोष हाओ न, वकीलसाहेब? मंग मले शाळेत कावून घेत नाहीत?"

पुढे तो जिनिंग कारखान्यात कापसाच्या गाठी उचलायला लागला. मास्तर असताना वस्तीतल्या पोरींना तो घरून बोलावून शाळेत न्यायचा. त्या पोरी आता शाळेत जायच्या थांबल्या, असं यशोदानं सांगितलं.

वकील आला नाही म्हणून फौजदारी अपील फेटाळता येत नाही. कायदा याबाबत स्पष्ट आहे. फक्त ते कोर्टाकडून वदवून घ्यायला नागपूरला जावं लागतं, आणि तोवर माणूस आत असतो.