खांद्यावरची थाप

पडदा वर जातो तेव्हा समोर वाचनालयाचा हॉल दिसतो. चाळीस घडीच्या खुर्च्या, मधूनच किंचाळणारा माईक, आणि टेबलामागे स्वतः शिवलेल्या कोटात आमचा छत्रीमामा. पेशाने शिंपी. पण ऐन तरुणपणी युद्धात पाठीला छत्री बांधून विमानातून उड्या मारल्या, म्हणून हे नाव पडलं.

दरवर्षीच्या कार्यक्रमात तो इथे एकच प्रसंग सांगायचा: शत्रूच्या मुलखात उतरायचं ते बदकांच्या तळ्यात पडला, आणि चिखलातून निघताना विजार टरकली. कुठे थांबायचं, कुठे हात वर न्यायचा, हे मीच बसवलेलं. आम्ही रंगमंचावर जन्म काढला, तेवढी हौस असायचीच. लोक पोट धरून हसायचे.

त्या वर्षी मात्र आदल्या दिवशी मी दुकानात गेलो, तर कात्री बाजूला ठेवून तो नुसता बसून होता.

"राजे, उद्या त्याची बहीण येतेय." मी नाटकात राजा व्हायचो, म्हणून मी त्याचा राजे. "पत्र आलंय. म्हणते, भावाचा शेवटचा तास ऐकायचाय."

भाऊ म्हणजे मामाच्या तुकडीतला जिवलग. त्या उडीतून परत न आलेला.

"मग तळ्याचंच सांग की. म्हातारी हसेल तरी."

"तिच्या भावाच्या मरणावर हसवू तिला? कमाल करता तुम्ही!"

मी आल्या पावली दुकानातून निघालो.

दुसऱ्या दिवशी ती पहिल्याच रांगेत बसली, मांडीवर पर्स घट्ट धरून. मामा उठला. माईक त्याने बाजूला सारला आणि माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"उडीआधी आम्ही रांगेत उभे राहायचो," तो म्हणाला. "प्रत्येकाने पुढच्याच्या पाठीवरचे पट्टे ओढून बघायचे, ज्याच्या ओढीने छत्री उघडते तो हुक वरच्या तारेत नीट अडकलाय का पाहायचं, आणि मगच खांद्यावर थाप द्यायची. थाप म्हणजे, तू ठीक आहेस, जा. पाठीवरचं स्वतःचं स्वतःला दिसत नाही ना. तुमचा भाऊ माझ्या पुढे होता, ताई."

आता तो फक्त तिच्याशीच बोलत होता.

"विमान हेलकावे खात होतं. मला उलटी झाली होती, डोळ्यांपुढे अंधारी आली होती. मी काहीच तपासलं नाही. नुसती थाप दिली. त्यानं मान डोलावली आणि गेला. त्याच्या मागोमाग मी डोळे मिटून उडी घेतली. त्याची छत्री उघडली की नाही, मला माहीत नाही. सरकारी पत्रात लढाईत गेला एवढंच आहे. थापेचं मी आजवर कुणाला बोललो नव्हतो."

त्याने टेबलाचा आधार घेतला. मी पुढे व्हायच्या आत तीच उठली. टेबलाजवळ गेली, त्याच्यामागे खुर्ची सरकवली आणि पाण्याचा ग्लास त्याच्या हातात दिला.

"बसा आधी," ती म्हणाली. "तुम्ही तपासायला हवं होतं, भाऊ."

"हो."

"त्याचा राग, दुःख काय करायचं ते मी घरी जाऊन करीन. आत्ता मला एवढंच सांगा, थाप देण्याआधी तो काय करत होता?"

मामाने ग्लास दोन्ही हातांत धरला. हे मी बसवलेलं थांबणं नव्हतं.

"गात होता, ताई. इतका बेसूर, की आम्ही सगळे त्याला गप बस, गप बस म्हणून ओरडत होतो."